किरिन किकी, मालिका आणि जाहिराती : एका प्रतिक्रियेला उत्तर

आपली सविस्तर प्रतिक्रिया वाचली. जपानी अभिनेत्री किरिन किकी यांच्यावरील लेखात मी निम्मी जागा विनोदी मालिकांना आणि जाहिरातींना दिली, दिग्दर्शक हिरोकाझू कोरे-एदा यांच्या चित्रपटांतील त्यांच्या कामाची जेमतेम दोन परिच्छेदांत बोळवण केली, शिवाय नाव विकण्याचा चटकदार किस्साही घुसडला, असा आपला आक्षेप आहे. त्यांची खरी कारकीर्द कोरे-एदा यांच्या २००८ सालच्या ‘स्टिल वॉकिंग’पासून सुरू होते आणि त्याआधीचे सारे पोटापाण्यासाठी होते, हे आपले मत मला पटत नाही.

१९६१ साली बुंगाकुझा या नाट्यसंस्थेत दाखल झालेल्या किकी १९६४ पासून दूरचित्रवाणीवर दिसू लागल्या. १९७४ साली आलेल्या ‘तेराउची कान्तारो इक्का’ या मालिकेत त्यांनी टोकियोतील एका पाथरवटाच्या घरातली म्हातारी आजी रंगवली, तेव्हा त्यांचे वय अवघे ३१ होते आणि त्यांच्या मुलाचे काम करणारे संगीतकार आसेई कोबायाशी त्यांच्याहून दहा वर्षांनी मोठे होते. त्यांनी केसांचा रंग उतरवला. हात मात्र तरुण दिसत, म्हणून बोटे उघडी राहतील असे हातमोजे घातले. ही आजी केंजी सावादा या लोकप्रिय गायकाच्या भित्तिचित्रापुढे अंग घुसळत त्याच्या नावाने किंचाळते. याला आपण थिल्लरपणा म्हणता. मला त्यात म्हातारपणाकडे दयेने न पाहणारी नजर दिसते.

तीच नजर ‘स्टिल वॉकिंग’मधल्या त्यांच्या आईच्या भूमिकेत आहे. बुडणाऱ्या मुलाला वाचवताना या आईचा थोरला लेक गेला आहे, आणि वाचलेल्या त्या मुलाला, जो आता जाड, घामाघूम तरुण झाला आहे, ती दरवर्षी स्मृतिदिनाला घरी बोलावते. त्याला आता मोकळे करावे, असे धाकटा मुलगा सुचवतो, तेव्हा हातातले विणकाम न थांबवता ती सांगते की त्याला वर्षातून एकदा तरी यातना व्हाव्यात म्हणूनच ती बोलावते. हात घरकामात आणि तोंडी भयंकर वाक्य, ही किमया त्यांना पासष्टाव्या वर्षी अचानक साधली असे मानणे कठीण आहे. रोजच्या जेवणाभोवती, भांडणाभोवती फिरणाऱ्या कौटुंबिक मालिकांत त्यांनी अनेक वर्षे हेच केले होते. आणि ज्या दिग्दर्शकाला आपण दूरचित्रवाणीच्या विरुद्ध उभे करता, ते कोरे-एदा स्वतः १९८७ साली ‘टीव्ही मॅन युनियन’ या निर्मितीसंस्थेत रुजू झाले आणि चित्रपटाआधी दूरचित्रवाणीसाठी माहितीपट करत होते.

जाहिरातींबद्दलही थोडे. १९८० च्या सुमारास गाजलेल्या, फुजी कलर या कॅमेरा-फिल्मच्या त्यांच्या जाहिरातीत, सुंदर माणसे या फिल्मवर अधिक सुंदर दिसतात आणि जी तशी नसतात तीही सुंदर दिसतात, असे मूळ वाक्य होते. किकींनी हरकत घेतली, आणि उत्तरार्ध ‘जी तशी नसतात ती आपापल्या परीने दिसतात’ असा बदलला. पैसे देणाऱ्याच्या तोंडावर त्याच्या मालाचा दावा खोडणे आणि त्यातूनच जाहिरात लोकांच्या तोंडी बसवणे, याला केवळ पोटापाण्याचे काम कसे म्हणावे? कोरे-एदा यांच्या २०१८ च्या ‘शॉपलिफ्टर्स’ या चित्रपटासाठी याच बाईंनी कवळी काढून कॅमेऱ्यासमोर उभे राहायचे ठरवले, हे मला त्याच स्वभावाचे वाटते.

राहिला नावाचा किस्सा. १९७७ साली दूरचित्रवाणीवरील एका लिलावात, विकण्याजोगे दुसरे काही नाही म्हणून, त्यांनी आपले रंगनाव विकून टाकले आणि ‘किरिन किकी’ हे नवे नाव घेतले. हा मजकूर मी काढणार नाही, कारण त्याआधीच्या सर्व श्रेयनामावल्यांत त्या ‘चिहो युकी’ आहेत; हे ठाऊक नसेल तर त्या पाथरवटाच्या घरातली आजी आणि ‘शॉपलिफ्टर्स’मधली आजी एकाच अभिनेत्रीने केल्या आहेत, हे जुनी मालिका शोधून पाहणाऱ्याच्या लक्षातही येणार नाही.