अपिलाची पोच म्हणजे स्थगिती नव्हे

मोहोळ तालुक्यातील माझ्या धाकट्या मामांचा पत्र्याचा गोठा गायरानात, म्हणजे गावाच्या गुरचराईसाठी राखलेल्या सरकारी जमिनीवर आहे. तो काढून टाकण्याचा तहसीलदारांचा आदेश हातात पडूनही ते निर्धास्त होते, कारण गावोगावच्या व्हॉट्सअ‍ॅप गटांवर फिरणारा एक संदेश त्यांच्यापर्यंत पोहोचला होता. त्यात म्हटले आहे की, सरकारी जागेवर 12 वर्षे ताबा असला की सर्वोच्च न्यायालयाच्या 2019 च्या निकालानुसार कब्जेदार मालक होतो, घरपट्टीची पावती हा मालकीचा पुरावा असतो, नोटिशीशिवाय काहीच पाडता येत नाही आणि अपील दाखल केले की निकाल लागेपर्यंत अतिक्रमणाला कोणी हात लावू शकत नाही.

यातला शेवटचा दावा सर्वांत घातक आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 41, नियम 5 मध्ये स्पष्ट लिहिले आहे की, केवळ अपील केल्याने हुकूमनाम्याची, म्हणजे दिवाणी न्यायालयाच्या निर्णयाची, अंमलबजावणी थांबत नाही. अपिली न्यायालयाने तसा आदेश द्यावा लागतो. महसुली अपिलातही तेच आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम 256 नुसार अपिली अधिकारी स्थगिती देऊ शकतो, म्हणजे ती मागावी लागते, त्यासाठी वेगळा अर्ज करावा लागतो आणि तातडी कशासाठी हे पटवून द्यावे लागते. मामांच्याच भावकीतील एक गृहस्थ गेल्या वर्षी आवक शिक्का मारलेली अपिलाची प्रत प्लास्टिकच्या पिशवीत घालून जेसीबीसमोर उभे राहिले होते. मंडळ अधिकाऱ्यांनी ती शेवटच्या पानापर्यंत वाचली आणि एवढेच विचारले, "स्थगितीचा आदेश कुठे आहे?" तो नव्हता, कारण तो मागायचा असतो हे त्यांना कोणी सांगितलेच नव्हते. तासाभरात भिंत पडली.

12 वर्षांच्या दाव्यात अर्धे सत्य आहे, हे नाइलाजाने मान्य करतो. रविंदर कौर ग्रेवाल खटल्यात 7 ऑगस्ट 2019 रोजी न्यायालयाने प्रतिकूल ताब्याच्या, म्हणजे मालकाच्या हक्काविरुद्ध वर्षानुवर्षे उघडपणे ठेवलेल्या ताब्याच्या, आधारे दावा लावणाऱ्यालाही हक्क सांगता येतो असे ठरवले खरे, पण तो वाद खासगी जमिनीचा होता. सार्वजनिक उपयोगाच्या जमिनीवर असा हक्क निर्माणच होऊ नये, अशी अपेक्षा त्याच निकालाच्या अखेरीस व्यक्त केली आहे आणि संदेश लिहिणाऱ्याने नेमका तोच भाग गाळला आहे. शिवाय ताबा परत मिळवण्यासाठी सरकारने दावा लावायची मुदत खासगी मालकासारखी 12 नव्हे, 30 वर्षे आहे.

गायरानाबाबत खरा आधार आहे तो 28 जानेवारी 2011 च्या जगपाल सिंग विरुद्ध पंजाब राज्य या निकालाचा. तिथे गावतळे बुजवून घरे बांधली होती आणि जिल्हाधिकाऱ्यांनी मोबदला घेऊन ती नियमित करायला अनुकूलता दाखवली होती. आयुक्तांनी तो आदेश रद्द केला. घरवाले उच्च न्यायालयात हरले, सर्वोच्च न्यायालयातही हरले. ताबा किती जुना आहे किंवा बांधकामावर किती खर्च झाला, ही सबब चालणार नाही, असे सांगून न्यायालयाने सर्व राज्यांना ग्रामसमाजाच्या जमिनी मोकळ्या करण्याच्या योजना आखायला लावल्या. अपवाद ठेवले ते भूमिहीन मजूर, अनुसूचित जाती-जमाती, शाळा, दवाखाना अशा मोजक्या बाबींसाठी. मामांचा गोठा त्यात बसत नाही.

घरपट्टीची पावती कर भरल्याचा पुरावा आहे, मालकीचा नाही. काही जण गाव नमुना 1-ई मधील नोंदीचा दाखला देतात, पण ती नोंदवहीच मुळी अतिक्रमणांची आहे. नोटिशीचा मुद्दा बराचसा बरोबर आहे, मात्र सर्वोच्च न्यायालयाच्या 13 नोव्हेंबर 2024 च्या निकालाने घालून दिलेली 15 दिवसांच्या नोटिशीची अट रस्ता, पदपथ, लोहमार्गालगतची जागा किंवा नदीपात्रातील अनधिकृत बांधकामाला लागू नाही.

तहसीलदारांच्या आदेशावर प्रांताधिकाऱ्यांकडे अपील करायला 60 दिवस असतात. आदेशाची नक्कल मिळवण्यात गेलेले दिवस त्यातून वजा होतात. मामांचे 41 दिवस त्या संदेशाच्या भरवशावर गेले. सोमवारी आम्ही वकिलांकडे जाणार आहोत आणि अपिलासोबत स्थगितीचा अर्जही देणार आहोत. गोठा वाचेल असे मी त्यांना सांगितलेले नाही. कडबा आधी घरामागे हलवून घ्या, एवढे मात्र सांगितले आहे.