फाळणीच्या पुस्तकांची 'भेळ': एका काकांच्या प्रतिक्रियेला उत्तर

काका (तुम्हीच लिहिलंत की तुम्ही माझ्या वडिलांच्या वयाचे, म्हणून काका म्हणते), तुमची कमेंट वाचून आधी दोन ओळींत उत्तर द्यायला बसले होते, पण लिहीत गेले तसं ते वाढतच गेलं, तेव्हा सरळ वेगळी पोस्टच टाकतेय. ज्यांनी ती कमेंट बघितली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. मी मागे फाळणीवरच्या पुस्तकांची एक यादी टाकली होती, त्यात कथा, कादंबरी, कविता, मुलाखती, अगदी कॉमिक्ससुद्धा होतं. काकांचं म्हणणं, ही यादी नाही, भेळ आहे. फाळणी समजून घ्यायची तर इतिहास वाचावा, कागदपत्रं वाचावीत, कादंबरीवाले आणि कवी काय, मनाला येईल ते लिहितात. शिवाय हा पंजाब-बंगालचा विषय, मराठी माणसाचं त्यात काय गेलं? आणि सगळ्यात मोठा राग असा की दोषी कोण हे एकही पुस्तक ठणकावून सांगत नाही, सगळी नुसती रडगाणी.

मराठी माणसाचं आधी घेते कारण ते सोपं आहे. भीष्म साहनींची 'तमस' माझ्या यादीत पहिली होती. माणूस रावळपिंडीचा, 1947 ची दंगल डोळ्यांनी बघितलेला, काँग्रेसच्या मदतकार्यात राबलेला, आणि तरी पुढची वीसेक वर्षं त्याने त्यावर कादंबरी लिहिली नाही. मग मे 1970 मध्ये आपल्या भिवंडीत दंगल झाली, भाऊ बलराज साहनींबरोबर ते तिथे गेले, जळलेली घरं आणि बंद पडलेले माग बघितले, आणि तिथे उभं असताना त्यांना रावळपिंडी आठवली. हे त्यांनी स्वतः आत्मचरित्रात लिहून ठेवलंय. परत गेले आणि 'तमस' लिहायला घेतली. म्हणजे हिंदीतली फाळणीवरची बहुधा सगळ्यात जास्त वाचली गेलेली कादंबरी ठाणे जिल्ह्यातल्या एका गावामुळे लिहिली गेली. पुढे तिच्यावर मालिका केली गोविंद निहलानींनी, त्यांचा जन्म कराचीचा, फाळणीत इकडे आलेलं घर. 1988 मध्ये ती दूरदर्शनवर सुरू असताना बंद पाडायला लोक मुंबई हायकोर्टात गेले, न्यायाधीशांनी स्वतः बसून बघितली आणि चालू द्या म्हणाले, नंतर सुप्रीम कोर्टानेही तेच सांगितलं. एवढं सगळं आपल्या अंगणात झालं आणि तुम्ही म्हणता आपला काय संबंध!

आता तुमचा मुख्य मुद्दा, इतिहास वाचा, कादंबरी नको. 'तमस'च्या शेवटाकडे एक प्रसंग आहे, तो तुम्ही वाचाच. दंगल संपलीय, गावोगावचे लोक रिलीफ कमिटीच्या ऑफिसात आलेत आणि एक बाबू रजिस्टर घेऊन बसलाय, त्याला फक्त आकडे हवेत. किती मेले, किती जखमी, मालमत्तेचं नुकसान किती. समोरचा माणूस सांगायला लागला की आमच्या गल्लीत अमका आला, त्याने असं केलं, की बाबू त्याला अडवतो, गोष्ट नको, आकडा सांग. बाबू वाईट नाहीये हं, बिचाऱ्याला संध्याकाळपर्यंत रिपोर्ट द्यायचाय. त्या रांगेत एक सरदारजी आहे, त्याच्या बायकोने विहिरीत जीव दिलाय आणि त्याला एवढंच विचारायचंय की तिच्या हातातल्या सोन्याच्या बांगड्या काढून मिळतील का. तो राक्षस नाहीये, तो उद्ध्वस्त झालेला माणूस आहे आणि त्याला उद्यापासून जगायचंय. आता सांगा, हा माणूस कुठल्या रजिस्टरच्या कुठल्या रकान्यात बसतो? सव्वा ते दीड कोटी लोक इकडचे तिकडे झाले, मेलेल्यांचे अंदाज दोन लाखांपासून दहा लाख आणि त्याच्याही वर जातात, हे आकडे मलाही पाठ आहेत, आणि ते हवेतच. पण बांगड्या मागणारा तो माणूस मला कादंबरीतच भेटला.

आणि कागदपत्रं म्हणता ना, चला, एक कागद घेऊ. पळवून नेलेल्या बायका परत आणायचा करार दोन्ही सरकारांनी डिसेंबर 1947 मध्येच केला होता, आणि 1949 मध्ये आपल्याकडे त्याचा कायदा झाला. त्यातली 'अपहृत व्यक्ती'ची व्याख्या बघा: 16 वर्षांखालचा मुलगा किंवा कुठल्याही वयाची स्त्री, जी 1 मार्च 1947 च्या आधी मुसलमान होती, त्यानंतर आणि 1 जानेवारी 1949 च्या आधी घरच्यांपासून तुटली आणि आता दुसऱ्या कुणाकडे राहताना सापडली. मधल्या काळात तिला मूल झालं असेल तर तेही त्यातच. कुठल्याही वयाची स्त्री! म्हणजे चाळीस वर्षांची बाई आणि पंधरा वर्षांचा पोरगा कायद्याला सारखेच. पोलिसांना वॉरंट लागत नव्हतं, कॅम्पात ठेवलं तर कोर्टात दाद नाही, आणि तुला जायचंय का हे तिला विचारायची अट कुठेच नाही. दोन्हीकडून मिळून सुमारे 30 हजार बायका अशा 'परत' केल्या गेल्या. कागद इथपर्यंत सांगतो आणि गप्प बसतो.

मग परत आल्यावर काय झालं? हे कोणी सांगितलं, कधी सांगितलं, ते बघा. राजिंदर सिंग बेदींची 'लाजवंती' आली 50 च्या दशकाच्या सुरुवातीला, म्हणजे बायकांना परत आणायचं काम अजून चालूच होतं तेव्हा. लुधियानाचा सुंदरलाल, पळवलेल्या बायकांना घरात घ्या, मनात जागा द्या म्हणून पहाटे प्रभातफेऱ्या काढणारा कार्यकर्ता, त्याची स्वतःची बायको लाजो पण पळवली गेलेली. पूर्वी तो तिला मारायचा. ती परत येते, आणि हा तिला घरात घेतो, मारत नाही, आवाज चढवत नाही, 'देवी' म्हणतो. ती काय झालं ते सांगायला तोंड उघडते तर म्हणतो जाऊ दे, जुनं कशाला. आणि लाजोला हवी असते ती जुनी लाजो, गाजरावरून भांडणारी आणि मुळ्यावर समजूत काढून घेणारी. देवी झाल्यावर भांडायचं कोणाशी? घर परत मिळालं आणि ती उजाड झाली. मी ही कथा कॉलेजात वाचली तेव्हा मला सुंदरलाल चांगला वाटला होता, त्या वयात तसंच वाटतं. अमृता प्रीतमची 'पिंजर' ही कादंबरी 1950 ची, तिच्यातली पूरो शेवटी ज्याने पळवलं त्याच्याकडेच राहायचं ठरवते, भावाबरोबर जात नाही. हे 1950 मध्ये लिहिलंय काका, सरकार बायका शोधत फिरत असताना.

आणि इतिहास? ऊर्वशी बुटालियांचं, फाळणी भोगलेल्यांच्या तोंडी आठवणींचं पुस्तक 1998 चं. रितू मेनन आणि कमला भसीन यांचं फाळणीतल्या बायकांवरचं, तेही 1998 चं. जे कथाकारांनी शाई वाळायच्या आत लिहिलं ते इतिहासाच्या पुस्तकात नीट यायला पन्नास वर्षं लागली. मग मनाला येईल ते कोण लिहीत होतं आणि बघितलेलं कोण लिहीत होतं?

पण थांबा, कादंबरी कायम जिंकते असं मी म्हणत नाहीये, उलट भेळ का केली ते इथेच आहे. मार्च 1947 मध्ये रावळपिंडी जिल्ह्यातल्या थोहा खालसा गावात शीख बायकांनी, पोरांना घेऊन, विहिरीत उड्या टाकल्या, नव्वदच्या आसपास बायका. 'तमस'मध्ये हा प्रसंग येतो, जसबीर सगळ्यात पुढे, मागून बाकीच्या, आणि साहनी ते इतकं उजळ करून लिहितात की वाचताना अंगावर काटा येतो, जवळजवळ पूजा चालल्यासारखं. मला ते पान कायम थोडं खटकतं. कारण बुटालियांच्या पुस्तकात त्याच विहिरीतून वाचलेली एक बाई बोलते. तिनेही उडी मारली होती. पण विहीर तोवर भरली होती, बुडायला पाणीच उरलं नव्हतं. परत मारली, परत तेच. बस, एवढंच ती सांगते, विशेषणं नाहीत, काही नाही. साहनींसारख्या लेखकाला हे सुचलं नाही, किंवा सुचलं असतं तरी कादंबरीच्या त्या पानावर ते बसलं नसतं, कारण तिथे प्रसंग वर चढत चाललाय आणि 'विहीर भरली होती' हे वाक्य तो धाडकन खाली आणतं. नंतर गावकरी वर्षानुवर्षं त्या बायकांना शहीद म्हणत राहिले, आणि वाचलेल्या बाईला काय म्हणायचं ते कोणालाच कळलं नाही. म्हणून मला दोन्ही पुस्तकं शेजारी-शेजारी हवीत, एक ह्या यादीत आणि दुसरं त्या यादीत असं नकोय.

कवितेबद्दल तुमचं म्हणणं मात्र एका जागी शंभर टक्के खरं. इंग्रज कवी ऑडेनची 'पार्टिशन' (1966) मी यादीत घातली होती, ती भारत-पाकिस्तानची सीमा आखणाऱ्या रॅडक्लिफवर आहे आणि तिच्यात तो सात आठवड्यांत सीमा आखून मोकळा होतो. प्रत्यक्षात माणूस भारतात आला 8 जुलै 1947 ला आणि काम उरकलं ऑगस्टच्या मध्याच्या आधी, म्हणजे पाचच आठवडे. इथे कवीपेक्षा खरी गोष्ट जास्त भयंकर आहे. आणि निवाडा लोकांपुढे आला 17 ऑगस्टला, दोन्ही देश स्वतंत्र होऊन झेंडे लागून गेल्यावर, मधले दोन दिवस कित्येक गावांना आपण कुठल्या देशात आहोत हेच माहीत नव्हतं. तारखांसाठी ऑडेन वाचू नका. मॅप जुने, जनगणनेचे आकडे बेभरवशाचे, बाहेर उकाडा, पोट बिघडलेलं, आणि साहेबाला लवकर घरी जायचंय, हे कळायला वाचा.

आता सिंध. ह्यावर तुम्ही काहीच बोलला नाहीत, पण मला बोलायचंय कारण मी कल्याणची. आमच्याकडे लग्नाचं कापड घ्यायचं, फर्निचर घ्यायचं, की चला उल्हासनगर. दोन नंबर, तीन नंबर म्हणतो आपण, तो 'कॅम्प' नंबर आहे हे बोलताना डोक्यातसुद्धा येत नाही. कल्याणजवळच्या लष्करी छावणीच्या बराकींत सिंधी निर्वासित आणून ठेवले आणि 1949 मध्ये त्याचं उल्हासनगर झालं. आणि त्यांच्याबद्दल आपण मराठी लोकांनी काय लक्षात ठेवलं, तर 'मेड इन यूएसए'चा जोक (यूएसए म्हणजे उल्हासनगर सिंधी असोसिएशन). मी पण सांगितलाय शाळेत असताना, सगळेच सांगायचे.

सिंधची गंमत (गंमत कसली) अशी की तिथे रेष आखलीच गेली नाही. पंजाब, बंगाल चिरले, सिंध अख्खा पाकिस्तानात गेला. त्यामुळे प्रेतांनी भरलेली ट्रेन, मधोमध सीमा, ते सगळं साहित्य ज्या साच्यातून आलं तो साचा ह्यांना लागतच नाही. बहुतेक जण काही महिने थांबून बघत होते, जानेवारी 1948 मध्ये कराचीत दंगल झाली आणि मग घराला कुलूप लावून जहाजाने मुंबईला. कादंबरीवाल्याला ह्यात 'प्रसंग' कमी मिळतो. म्हणून मला वाटतं सिंधी फाळणी जास्त करून आठवणींत, कथांत आणि मुलाखतींत सापडते, नंदिता भवनानींचं 2014 चं पुस्तक, रिटा कोठारींचं 2007 चं, आणि कोठारींनीच इंग्रजीत आणलेला सिंधी कथांचा संग्रह. आणि तिथे एक तुटणं असं आहे जे पंजाबीत इतकं टोचत नाही. तिकडून आलेले लेखक अरबी लिपीत सिंधी लिहायचे. इकडे देवनागरी की अरबी ह्यावर वर्षानुवर्षं वाद, भाषा राज्यघटनेच्या आठव्या परिशिष्टात, म्हणजे मान्य भाषांच्या यादीत, आली 1967 मध्ये, तोवर पोरं हिंदी, मराठी, इंग्रजी शाळांत गेलेली. आजोबांनी लिहिलेली कथा घरात कपाटात आहे आणि नातवाला ती वाचता येत नाही, अनुवाद करून घ्यावी लागते. जमीन न चिरता घर चिरायचं ते असं. आणि उलट बाजूचं म्हणाल तर कराचीत आजही एक जुनी शाळा आहे, नारायण जगन्नाथ वैद्य ह्या मराठी माणसाच्या नावाची. तेव्हा मराठीचं काय गेलं ह्याचं उत्तर तिथेही थोडं आहे.

राहिला 'दोषी कोण'. काका, 'तमस'मध्ये दोषी पहिल्याच पानापासून आहे. मुराद अली नत्थूला पाच रुपयांची नोट देतो, म्हणतो सलोतरी साहेबांना (म्हणजे जनावरांच्या डॉक्टरांना) डुक्कर हवंय, मारून दे. नत्थू म्हणतो मी कातडं सोलतो, डुक्कर कधी मारलं नाही. रात्रभर एका कोंदट खोपट्यात तो त्या जनावराशी झुंजतो, आणि सकाळी तेच डुक्कर मशिदीच्या पायरीवर. शेवटी अमन कमिटीची बस निघते तेव्हा शांततेच्या घोषणा द्यायला पुढे कोण बसलाय, तर मुराद अली. नत्थू तोवर मेलाय. आणि इंग्रज डेप्युटी कमिशनर, ज्याला तक्षशिलेतल्या मूर्तींचं कोण कौतुक, तो वेळेवर कर्फ्यू लावत नाही. यापेक्षा ठणकावून अजून काय सांगायचं? फक्त एका धर्माचं किंवा एका पुढाऱ्याचं नाव हवं होतं, ते मिळत नाही, म्हणून तुम्हाला ते रडगाणं वाटतंय असं मला वाटलं. चुकीचं वाटलं असेल तर भांडा, मी आहे इथेच. उर्दू कथाकार मंटोलाही हेच ऐकावं लागलं होतं, फाळणीवरच्या त्याच्या छोट्या छोट्या गोष्टींचं 'सियाह हाशिये' 1948 मध्ये आलं तेव्हा पुरोगामी मित्रच तुटून पडले, ह्याला चीड येत नाही, हा प्रेतांवर विनोद करतो म्हणून.

तुम्ही शेवटी विचारलंत की नातवाला ते कॉमिक्सवालं पुस्तक द्यावं का. 'दिस साइड, दॅट साइड' म्हणताय ना, विश्वज्योती घोष यांनी संपादित केलेलं, 2013 चं. भारत, पाकिस्तान, बांगलादेश तिन्हीकडचे लेखक-चित्रकार आहेत आणि बांगलादेशामुळे 1971 पण त्यात येतं, जे आपल्याकडच्या याद्यांतून नेहमी सुटतं. सगळ्या गोष्टी सारख्या जमलेल्या नाहीत, काही फारच कोड्यात बोलतात. आठवी-नववीत असेल तर द्या, त्याहून लहान असेल तर आधी तुम्ही चाळा आणि तीन-चार निवडून त्याच्याबरोबर बसून वाचा, कारण तो प्रश्न विचारणार आणि त्याची उत्तरं पुस्तकात नाहीत. आणि इतिहासाची तुमची यादी कमेंटमध्ये टाकाच, मी वरच्या पोस्टला जोडते.