कोसोवोचं भांडण धर्माचं नाही

लेखात कोसोवोचा, म्हणजे तिथले बहुसंख्य अल्बेनियन आणि सर्बिया यांच्यातला, प्रश्न ‘मुस्लिम विरुद्ध ख्रिश्चन’ असा मांडलाय, ते अजिबात पटलं नाही. अल्बेनियन लोकांत सुन्नी, बेक्ताशी (सूफी पंथाचे मुस्लिम), कॅथलिक, ऑर्थोडॉक्स सगळेच आहेत. बहुसंख्य मुस्लिम असूनही त्यांचा राष्ट्रपुरुष कोण, तर ऑटोमन फौजांशी २५ वर्षं झुंजलेला ख्रिश्चन सरदार स्कंदरबेग! कोसोवोच्या राजधानीत, प्रिश्तिनात, भर चौकात त्याचा अश्वारूढ पुतळा आहे.

१९९० साली अँटोन चेट्टा हे लोकसाहित्याचे अभ्यासक तरुण विद्यार्थ्यांना घेऊन कोसोवोत गावोगाव फिरले, पिढ्यान्‌पिढ्यांची खुनाची वैरं मिटवायला. ज्याच्या घरचा माणूस मारला गेला, तोच चारचौघांत हात पुढे करून रक्त माफ करायचा. चेट्टा कॅथलिक घरातले. माफी देणारी बहुतेक घरं मुस्लिम. १९८९ मध्ये कोसोवोची स्वायत्तता सर्बियाने काढून घेतली, खरं दुखणं तिथलं. लेखात त्यावर एक ओळही नसावी?