कानवडे यांचा स्थिर कॅमेरा
रोहन कानवडे दिग्दर्शित ‘साबर बोंडं’ या मराठी चित्रपटावरील एका लेखात त्याची गती कमी असल्याची तक्रार आहे, ती मला पटली नाही. वडिलांच्या दहा दिवसांच्या सुतकासाठी मुंबईहून गावी आलेल्या नायकापुढे, आनंदपुढे, नातेवाईक लग्नाचा विषय काढतात, तेव्हा कॅमेरा जागचा हलत नाही आणि पार्श्वसंगीताचाही आधार नसल्यामुळे त्या घरातली कोंडी प्रेक्षकालाही सोसावी लागते. इंटिरियर डिझाइनची पार्श्वभूमी असलेल्या या दिग्दर्शकाची जागेविषयीची जाण चौकटीचौकटीत दिसते. चित्रपटाला मिळालेल्या, अमेरिकेतील २०२५ च्या सनडान्स चित्रपट महोत्सवातील ग्रँड ज्युरी पारितोषिकाचे कौतुक लेखात भरपूर आहे (ते रास्तच आहे), परंतु मुलाला गाजावाजा न करता समजून घेणाऱ्या आईच्या प्रसंगांतील संयमाबद्दल मात्र अवाक्षरही नाही.