अपील टाकलं म्हणून पोटगी थांबत नाही

'हायकोर्टात आव्हान दिलं की पोटगीचा हुकूम आपोआप थांबतो' हे पोटगीवरच्या एका लेखातलं वाक्य साफ चूक आहे. स्थगिती वेगळी मागावी लागते आणि कोर्ट बहुतेकदा आधी थकबाकीतली काही रक्कम भरायला लावतं. असंच काहीतरी ऐकून माझ्या मेव्हण्याने सात महिने दमडी दिली नाही. बहीण कळव्याहून लोकलने ठाण्याच्या कोर्टात थकलेल्या पोटगीच्या वसुलीच्या तारखांना जायची, पिशवीत पोळीभाजीचा डबा आणि रबर लावलेलं पासबुक. वॉरंट निघालं तेव्हा साहेबांना बरोबर पैसे सापडले!

शिवाय सुप्रीम कोर्टाच्या २०२० च्या रजनेश विरुद्ध नेहा निकालानंतर पोटगी अर्जाच्या तारखेपासूनच धरतात, हे लेखात कुठेच नाही. म्हणजे प्रकरण लांबवणाऱ्याच्याच डोक्यावर थकबाकी चढते.