एन्रॉनने सगळ्यांना फसवले, हे अर्धसत्य आहे

एन्रॉन या अमेरिकी ऊर्जा कंपनीचा विषय निघाला की एक कहाणी हमखास पुढे केली जाते. कंपनी मुळात उत्तम होती. दोन-तीन लबाड अधिकाऱ्यांनी संचालक, लेखापरीक्षक, बँका आणि सरकार अशा सर्वांच्या डोळ्यांत धूळ फेकली. त्यामुळे ती अचानक कोसळली आणि तिच्याबरोबर तिचा आपल्याकडचा दाभोळचा वीजप्रकल्पही बंद पडला. पुढे अमेरिकेने कडक कायदा केला आणि प्रश्न मिटला. ही कहाणी सोयीची असली तरी तिचा जवळजवळ प्रत्येक दुवा तपासल्यावर निखळतो.

दाभोळबद्दलचे विधान तर नुसत्या तारखांवर निकालात निघते. गुहागर तालुक्यातील हा प्रकल्प मे २००१ च्या अखेरीस थांबला होता आणि एन्रॉनने दिवाळखोरीचा अर्ज केला तो २ डिसेंबर २००१ रोजी. प्रकल्प थांबला कारण त्याची वीज राज्य वीज मंडळाला परवडेना. वीज उचलली नाही तरी ठरावीक रक्कम मोजावीच लागेल, असा तो करार होता. त्यातले दर डॉलरशी आणि इंधनाच्या किमतीशी बांधलेले होते, आणि राज्याच्या हमीमागे केंद्राची प्रतिहमी होती. जागतिक बँकेने १९९३ मध्येच या प्रकल्पाला अर्थसाहाय्य नाकारले होते. याउलट ‘दाभोळने एन्रॉनला बुडवले’ असेही काही जण अभिमानाने सांगतात. तेही खरे नाही. १६ ऑक्टोबर २००१ रोजी कंपनीने सुमारे १०१ कोटी डॉलर तोट्यात टाकले, ते पाणीपुरवठ्याच्या व्यवसायापोटी, ब्रॉडबँडपोटी आणि फसलेल्या गुंतवणुकींपोटी. त्या यादीत दाभोळ नव्हते.

संचालकांना अंधारात ठेवले गेले, हा मुद्दा अधिक गंभीर आहे. मुख्य वित्त अधिकारी अँड्र्यू फॅस्टाऊ यांना ‘एलजेएम’ नावाची स्वतःची भागीदारी काढून खुद्द एन्रॉनशीच व्यवहार करायचे होते. अशा हितसंबंधांना कंपनीच्या आचारसंहितेत मनाई होती. २८ जून १९९९ रोजी दूरध्वनीवरून झालेल्या विशेष बैठकीत अध्यक्ष केनेथ ले यांनी दिलेल्या सवलतीवर संचालक मंडळाने शिक्कामोर्तब केले. शेअरचे विभाजन आणि कंपनीसाठी नवे विमान असे इतर विषयही त्याच बैठकीत होते आणि सगळे मिळून तासाभरात उरकले. अशा भागीदाऱ्यांतून फॅस्टाऊ यांनी किमान तीन कोटी डॉलर मिळवले. त्यांनी संचालकांपासून पुष्कळ काही लपवले हे खरे. पण कुंपणाचे दार त्यांना मंडळानेच रीतसर ठराव करून उघडून दिले होते.

त्या दारातून काय आत आले, हेही पाहण्यासारखे आहे. एन्रॉनने घेतलेल्या इतर कंपन्यांच्या शेअरच्या किमती पडल्यास नुकसान भरून देण्याची जबाबदारी फॅस्टाऊ यांच्या भागीदारीशी जोडलेल्या ‘रॅप्टर’ नावाच्या संस्थांनी घेतली होती. पण या संस्थांचे भांडवल म्हणजे मुख्यतः एन्रॉनचेच शेअर होते. आगीची भरपाई त्याच घरातल्या कपाटात ठेवण्यासारखा हा प्रकार होता. दोन्हीकडच्या किमती एकदमच घसरल्या आणि भरपाईला काही उरले नाही.

आर्थर अँडरसन या लेखापरीक्षण पेढीलाही फसवले गेले म्हणावे, तर ५ फेब्रुवारी २००१ ची तिची अंतर्गत बैठक आड येते. एन्रॉनला ग्राहक म्हणून ठेवावे की नाही, याचाच खल तिथे झाला. फॅस्टाऊ यांचे दुहेरी हितसंबंध चर्चेत आले, आणि या ग्राहकाकडून मिळणारे शुल्क वर्षाला दहा कोटी डॉलरपर्यंत जाऊ शकते, हेही. ग्राहक ठेवायचे ठरले. २००० साली या पेढीला लेखापरीक्षणाचे अडीच कोटी, तर सल्ला व इतर कामांचे २.७ कोटी डॉलर मिळाले होते. हिशेब तपासण्यापेक्षा सल्ल्यात जास्त कमाई असेल, तर तपासणीची धार किती राहील, हे सांगायला अर्थतज्ज्ञ लागत नाही.

बँकांचेही तेच. चेस बँक ‘माहोनिया’ या मध्यस्थ कंपनीमार्फत भावी वायुपुरवठ्याचे पैसे एन्रॉनला आगाऊ देई, आणि तोच वायू ठरलेल्या किमतीला परत घेण्याचे एन्रॉन बँकेला बांधून देई. वायू फिरून मूळ जागी येत असे. उरत असे ते निव्वळ कर्ज, जे हिशेबात मात्र व्यवसायातून आलेली रोकड म्हणून दिसे. २००५ मध्ये जेपी मॉर्गन चेसने २२० कोटी, सिटीग्रुपने २०० कोटी आणि कॅनडाच्या सीआयबीसीने २४० कोटी डॉलर देऊन गुंतवणूकदारांशी तडजोड केली.

सरकारही गाफील नव्हते. त्याने परवानग्या दिल्या होत्या. दीर्घ मुदतीच्या कराराचा अंदाजे नफा पहिल्याच दिवशी दाखवण्याची पद्धत एन्रॉनला वापरू देण्यास अमेरिकी रोखे आयोगाने १९९२ मध्ये हरकत घेतली नाही. जानेवारी १९९३ मध्ये वायदे आयोगाने ऊर्जेचे काही करार देखरेखीतून वगळले आणि त्या आयोगाच्या अध्यक्ष वेंडी ग्रॅम काही आठवड्यांतच एन्रॉनच्या संचालक मंडळावर गेल्या. डिसेंबर २००० च्या कायद्याने ती सूट आणखी रुंदावली.

‘अचानक’ या शब्दाबद्दल फार लिहायला नको. जेफ्री स्किलिंग यांनी मुख्याधिकारी झाल्यावर सहा महिन्यांतच, १४ ऑगस्ट २००१ रोजी पद सोडले. त्याच महिन्यात शेरॉन वॉटकिन्स या उपाध्यक्षांनी हिशेबांतला धोका ले यांना लेखी कळवला. तरीही पतमानांकन संस्थांनी कंपनीला ‘गुंतवणूकयोग्य’ ठरवणारा दर्जा २८ नोव्हेंबरपर्यंत, म्हणजे दिवाळखोरीच्या चार दिवस आधीपर्यंत, काढला नाही.

उरला २००२ चा सार्बेन्स-ऑक्स्ली कायदा. तो दिखाऊ नव्हता: हिशेबांवर मुख्याधिकाऱ्यांची व्यक्तिगत सही आली, लेखापरीक्षकांवर स्वतंत्र देखरेख मंडळ आले आणि तपासणीबरोबर सल्ला विकण्यावर बंधने आली. मात्र या प्रकरणात अँडरसन पेढी संपल्यावर जगातल्या पाच बड्या लेखापरीक्षण पेढ्यांच्या चार झाल्या. मोठ्या कंपन्यांना नवा लेखापरीक्षक निवडायला वाव आणखी कमी उरला. ऊर्जेच्या वायद्यांची ती सूट तर या कायद्याने हललीच नाही. ती आवळायला २००८ उजाडावे लागले, आणि तेही शेतीविषयक विधेयकाला जोडलेल्या तरतुदीतून.