बाल्कनीच्या दरवाजाचे माप नकाशावरून घेता येत नाही

घोडबंदर रोडपासून खारघरपर्यंतच्या सोसायट्यांच्या व्हॉट्सॲप गटांमध्ये एक सल्ला सध्या पुढे पाठवला जात आहे. दिवाणखाना आणि बाल्कनी यांच्यामध्ये सरकता काचेचा दरवाजा बसवायचा असेल, तर मोजमापासाठी माणूस बोलावू नका, तेवढेच पैसे वाचतील. बिल्डरच्या नकाशातली रुंदी-उंची फॅब्रिकेटरला, म्हणजे चौकट बनवणाऱ्याला, कळवा, फार तर मधोमध एकदा टेप लावून पाहा. दोन-चार सूत (एक सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग) फट राहिली तर सिलिकॉनने भरते आणि चौकट मोठी निघाली तर भिंत तासता येते, असा त्याचा मथितार्थ आहे. या भागात अशाच दरवाजांची मापे घेणे हे माझे रोजचे काम असल्याने, या सल्ल्याने होणारे नुकसान मी घरोघरी पाहतो.

पहिले विधान नकाशाचे. नकाशातले माप बहुधा वीटकामाचे किंवा ब्लॉकच्या कामाचे असते, आणि त्यानंतर ओपनिंगच्या, म्हणजे दरवाजासाठी भिंतीत सोडलेल्या मोकळ्या जागेच्या, बाजूंवर प्लास्टर चढते, ग्रॅनाइटच्या पट्ट्या बसतात. प्लास्टर 12 मिलिमीटर आणि ग्रॅनाइट 18 मिलिमीटर एवढेच धरले तरी दोन्ही बाजू मिळून 60 मिलिमीटर जातात, म्हणजे नकाशातले 2400 प्रत्यक्षात 2340 उरतात. वाशी-नेरूळच्या जुन्या घरांत जुन्या लादीवरच नवी टाइल लावायची असेल, तर उंचीही घटते. म्हणून उंची नेहमी तयार होणाऱ्या फरशीच्या पातळीपासून धरावी लागते.

मधोमध एकदा टेप लावणे पुरेसे आहे, हे विधान मला सर्वांत घातक वाटते, कारण ते ऐकायला पटते. रुंदी वर, मध्ये आणि खाली, तर उंची डावीकडे, मध्ये आणि उजवीकडे घ्यायची आणि सर्वांत लहान आकडा धरायचा, हा साधा नियम आहे. पण तेवढ्यानेही काम भागत नाही. ऐरोलीतल्या एका घरी रुंदी तिन्ही ठिकाणी 2400 आणि उंची तिन्ही ठिकाणी 2100 आली, तेव्हा घरमालक म्हणाले, “बघा, मिलिमीटरचाही फरक नाही, लिहून टाका.” त्यांनाच टेपचे एक टोक धरायला सांगून मी कोपऱ्यापासून कोपऱ्यापर्यंत तिरके माप घेतले. एक आले 3200, दुसरे 3178. ओपनिंग गुण्यात, म्हणजे चारही कोपरे काटकोनात, असते तर दोन्ही 3189 आली असती. ओळंबा सोडल्यावर दिसले की दोन्ही बाजूंच्या कडा वरच्या टोकाला 15 मिलिमीटर एकाच दिशेला कलल्या आहेत. अशा ओपनिंगमध्ये सरळ उभी चौकट 2385 पेक्षा रुंद बसूच शकत नाही, आणि खेळती जागा त्यातूनच वजा करायची असते. चौकट भिंतीबरोबर तिरकी बसवली, तर शटर, म्हणजे सरकणारे दार, चौकटीला समांतर टेकत नाही, कुलपाचा हूक समोरच्या खाचेत नीट बसत नाही आणि चाके एका अंगाने झिजतात.

सिलिकॉनबद्दलचे विधान अर्धे खरे असल्यामुळे फसवते. फट हवीच, साधारण प्रत्येक बाजूला 5 मिलिमीटर. तापमानात 20 अंशांचा फरक पडला, की तीन मीटर लांबीची यूपीव्हीसी (कडक प्लास्टिकची) चौकट सुमारे 4 मिलिमीटर आणि ॲल्युमिनियमची दीड मिलिमीटरच्या आत फुगते किंवा आकसते, आणि त्या हालचालीला जागा लागते. मात्र ती फट हिशेबाने सोडलेली आणि सगळीकडे सारखी असावी लागते. एका कोपऱ्यात 3 आणि दुसऱ्या कोपऱ्यात 20 मिलिमीटर असेल, तर नुसते सिलिकॉन तिथे टिकत नाही; जूनमध्ये नैऋत्येचा वारा पाऊस थेट काचेवर आणतो, तेव्हा पाणी नेमके त्या कोपऱ्यातून आत येते. मग घाबरून ट्रॅकची बाहेरची भोके, जी पाणी निघून जाण्यासाठीच ठेवलेली असतात, तीही सिलिकॉनने बुजवली जातात. उंबऱ्याची पट्टी लांबीत समपातळीत आहे ना आणि तिचा उतार बाहेरच्या बाजूला आहे ना, हे पाणसळ (स्पिरिट लेव्हल) ठेवून माप घेण्याच्या दिवशीच पाहावे.

भिंत तासण्याविषयी फार लिहिण्याची गरज नाही. ठाण्याच्या अनेक नव्या टॉवरमध्ये बाल्कनीलगतची भिंत विटांची नसून सळ्यांसह ओतलेल्या काँक्रीटची असते. तिथे छिन्नी चालवणे म्हणजे इमारतीच्या भार वाहणाऱ्या भागाला हात लावणे होय.

राहिला पैसे वाचवण्याचा मुद्दा. या दरवाजांना आज बहुतेक ठिकाणी टफन्ड, म्हणजे भट्टीत तापवून मजबूत केलेली, काच बसवतात, आणि ती काच भट्टीतून निघाल्यानंतर कापता येत नाही, घासून लहान करता येत नाही, तिला भोकही पाडता येत नाही. तसा प्रयत्न केला तर तिचा क्षणात चुरा होतो. चौकट कशीबशी कापून बसवली तरी तिच्या मापाने आलेली काच परत घेतली जात नाही आणि नव्या काचेचे पैसे घरमालकालाच भरावे लागतात.